कुसावतीचा मणी : महासुदस्सन सुत्ताचे एक वाचन

दीघनिकायातील सतरावे सुत्त म्हणजे महासुदस्सन सुत्त. पालीच्या वर्गात या सुत्ताची कथा सांगितली की एक प्रश्न हमखास येतो. मागच्या बाकावरचा एखादा मुलगा उभा राहतो आणि विचारतो, ‘‘सर, तथागतांनी तर चमत्काराला नकार दिला, मग त्यांच्याच तोंडी ही जादूची नगरी कशी?’’ प्रश्न रास्त आहे. एकदा तर एका पालकांनी मला थांबवून हेच विचारले. आणि पुढे म्हणाले की, ‘‘आमच्या पिढीने अंगारे, धुपारे, गंडे, ताईत घराबाहेर काढले. मुलांना तुम्ही पुन्हा रात्री चमकणाऱ्या मण्याच्या गोष्टी सांगू नका.’’ त्या वेळी मी त्यांना जे उत्तर दिले ते माझे मलाच अपुरे वाटले. मला वाटते, हे सुत्त गाळावे असे नाही. मात्र अर्धे सांगू नये. अर्धे सांगितले तर ती परीकथा होते, आणि पूर्ण सांगितले तर काय होते ते दाखवण्यासाठी हा लेख आहे.

प्रथम प्रसंग लक्षात घेतला पाहिजे, कारण या सुत्ताचा अर्थ प्रसंगात आहे. कुसिनारेजवळ मल्लांच्या शालवनात, दोन जुळ्या शालवृक्षांच्या मध्ये, भगवंत अखेरच्या शय्येवर पहुडले आहेत. वय ऐंशी. आनंद थोड्याच वेळापूर्वी विहाराच्या दाराला धरून रडला आहे; भगवंतांनी त्याला बोलावून समजावले आहे. आता आनंद सावरला, पण त्याच्या मनात एक खंत उरली आहे आणि ती तो बोलून दाखवतो. भगवंतांनी या क्षुद्र, उजाड, आडवळणाच्या गावात देह ठेवू नये, असे तो विनवतो. चंपा आहे, राजगृह आहे, सावत्थी, साकेत, कोसंबी, वाराणसी आहेत. तेथे धनवान उपासक आहेत. ते भगवंतांच्या देहाचा यथोचित सन्मान करतील.

आनंदाला भगवंतांच्या मृत्यूचे दुःख आहेच, पण त्याच्या जोडीला गावाची लाजही आहे. आपल्या शास्त्याचा अंत कुडाच्या भिंतींच्या गावात व्हावा याचा त्याला संकोच वाटतो. आपल्यापैकी ज्यांनी शहरात नोकरी लागल्यावर ‘गाव कोणते?’ या प्रश्नाला तालुक्याचे किंवा जिल्ह्याचे नाव सांगून वेळ मारून नेली असेल, त्यांना आनंदाचा हा संकोच समजावून सांगण्याची गरज नाही.

भगवंत म्हणतात, आनंदा, असे बोलू नकोस. आणि मग ते त्याला सांगतात की हेच कुसिनारा पूर्वी कुसावती नावाची राजधानी होते. तेथे महासुदस्सन नावाचा चक्रवर्ती राजा राज्य करीत होता. येथून ती अद्भुत नगरी उभी राहू लागते.

कुसावती पूर्व-पश्चिम बारा योजने लांब आणि दक्षिणोत्तर सात योजने रुंद. योजनेचे माप वेगवेगळ्या काळी वेगवेगळे धरले गेले. ढोबळमानाने १२ किलोमीटर धरले तर नगरीची लांबी जवळजवळ पुण्यापासून मुंबईपर्यंत भरते. एवढे नगर त्या काळी भूतलावर असणे शक्य नव्हते, आणि सुत्त सांगणाऱ्या भाणकांनाही ते ठाऊक असले पाहिजे. नगरीभोवती सात तट : सोन्याचा, चांदीचा, वैडूर्याचा, स्फटिकाचा, लोहितांकाचा, मसारगल्लाचा आणि सर्व रत्नांचा मिळून एक. चार रंगांच्या चार वेशी. तटांप्रमाणेच ताडवृक्षांच्या सात रांगा. सोन्याच्या ताडाला चांदीची पाने व फळे, चांदीच्या ताडाला सोन्याची. वारा वाहिला की त्या पानांतून असा मधुर नाद निघे की निष्णात वादकांनी पाच वाद्ये एकत्र छेडावीत. नगरीतले जुगारी आणि मद्यपी त्या नादावर नाचत, असेही सुत्त सांगते. ही ओळ मला फार आवडते. रत्नांच्या तटांआड माणसे मात्र नेहमीचीच होती, हे सुत्ताने लपवलेले नाही. शिवाय नगरी दहा आवाजांनी रात्रंदिवस गजबजलेली होती : हत्ती, घोडे, रथ, भेरी, मृदंग, वीणा, गाणी, आणि दहावा आवाज ‘खा, प्या’ असा.

या नगरीत राजाकडे सात रत्ने येतात : चक्र, हत्ती, घोडा, मणी, स्त्री, गृहपती आणि परिणायक म्हणजे सल्लागार. त्यांतील चक्र आणि मणी यांचे प्रसंग एखाद्या विधीसारखे आहेत. तेच येथे नीट पाहू.

चक्राचा प्रसंग पंधराव्या दिवशीच्या उपोसथाला घडतो. राजा मस्तकस्नान करून, उपोसथ धारण करून प्रासादाच्या वरच्या मजल्यावर बसला आहे. तेव्हा हजार आऱ्यांचे, नेमी व नाभीसह सर्वांगपूर्ण असे दिव्य चक्र प्रकट होते. राजा आसनावरून उठतो, उपरणे एका खांद्यावर घेतो, डाव्या हातात सोन्याची झारी धरतो आणि उजव्या हाताने चक्रावर पाणी शिंपडतो. चक्राने पुढे जावे, जिंकावे, असे तो म्हणतो. चक्र पूर्वेकडे निघते. चतुरंग सैन्यासह राजा त्याच्यामागे. जेथे चक्र थांबते तेथे राजा मुक्काम करतो. पूर्वेचे राजे सामोरे येऊन म्हणतात, हे सर्व आपले आहे, आज्ञा करावी. आणि तेव्हा चक्रवर्ती जी आज्ञा करतो ती खंडणीची नाही. प्राणिहत्या करू नये, न दिलेले घेऊ नये, कामात मिथ्याचार करू नये, खोटे बोलू नये, मद्य पिऊ नये. आणि आपापले राज्य पूर्वीप्रमाणेच भोगावे. म्हणजे आपण दर वंदनेला घेतो ती पंचशीले. पुढे चक्र पूर्व समुद्रात शिरून बाहेर येते, दक्षिणेला जाते, मग पश्चिमेला, मग उत्तरेला. समुद्रवलयांकित पृथ्वी जिंकून ते कुसावतीत परतते आणि अंतःपुराच्या दाराशी, न्यायकक्षासमोर, आसात ठोकल्यासारखे स्थिर उभे राहते.

शस्त्राविना झालेल्या या दिग्विजयाचे शेवटचे ठिकाण राजाच्या शयनगृहात किंवा कोषागारात नाही, ते न्यायकक्षासमोर आहे. मुलांना नकाशावर अशोकाचे साम्राज्य दाखवतो तेव्हा हे चक्र कोठे थांबले याचीही आठवण करून द्यावी असे मला वाटते.

आता मणी. राजापुढे मणिरत्न प्रकट होते. ते वैडूर्य आहे, शुद्ध जातीचे, आठ पैलूंचे, उत्तम घडवलेले, निर्मळ. त्याचा प्रकाश चोहोबाजूंनी एक योजनभर पसरतो. राजाला त्याची परीक्षा घ्यायची आहे. तो चतुरंग सैन्य सज्ज करतो, मणी ध्वजाच्या टोकाला चढवतो आणि रात्रीच्या दाट अंधारात मिरवणुकीने बाहेर पडतो. प्रकाश सभोवतालच्या गावांवर पडतो. आणि गावातली माणसे, दिवस उजाडला असे समजून, आपापल्या कामाला लागतात.

दिव्य प्रकाशाखाली लोकांनी हात जोडले, फुले उधळली, जयजयकार केला, असे येथे अपेक्षित होते. सुत्त तसे म्हणत नाही. लोक कामाला लागतात, एवढेच ते म्हणते. राजाची मिरवणूक पाहण्यासाठी रस्त्यावर कोणी आले की नाही, याचा उल्लेखही नाही. ज्या घरांत पहाटे चार वाजता कामाला उठणारी माणसे पाहिली आहेत, त्या घरांतल्या वाचकाला ही ओळ वाचून एक क्षण थांबावेसे वाटते. राजाच्या दृष्टीने तो मण्याच्या तेजाचा सोहळा होता. शेतकऱ्याच्या दृष्टीने उजाडले होते, आणि उजाडले म्हणजे नांगर बाहेर काढायचा. त्या रात्री त्यांची झोप किती झाली असेल, असे एका मुलीने वर्गात विचारले होते. सुत्ताचा हेतू तो नाही हे मला मान्य आहे. तेथे मण्याचे सामर्थ्यच सांगायचे आहे. पण प्रश्न चांगला होता.

याहून महत्त्वाची गोष्ट त्या परीक्षेची. मण्याची परीक्षा घेतली तशी हत्तीची घेतली, घोड्याची घेतली. पहाटे त्यांच्यावर बसून राजा समुद्रापर्यंत पृथ्वी फिरून येतो आणि परत येऊन कुसावतीत न्याहारी करतो. गृहपतिरत्नाला भूमीतले गुप्तधन दिसते असे म्हणतात. तर राजा त्याला नावेत बसवून गंगेच्या ऐन प्रवाहात नेतो आणि म्हणतो, मला सोने हवे, आणि येथेच हवे. गृहपती दोन्ही हात पाण्यात घालतो आणि सोन्याने भरलेला घडा वर काढतो. कथा अद्भुत आहे, पण या ठिकाणी सुत्त वापरते तो पाली शब्द ‘वीमंसमानो’ म्हणजे पारखून पाहणारा असा आहे. अद्भुत वस्तूही समोर आली तर ती आधी पारखून घ्यायची, हा स्वभाव या काल्पनिक राजालाही दिलेला आहे.

आता मूळ आक्षेपाकडे येऊ. तथागतांचा चमत्कारांविषयीचा दृष्टिकोन संदिग्ध नाही. याच दीघनिकायातील अकरावे सुत्त, केवट्ट सुत्त, काढून पाहावे. नालंदेचा गृहपतिपुत्र केवट्ट विनवतो की एखाद्या भिक्खूला चमत्कार दाखवण्यास सांगावे, म्हणजे नालंदेतील लोकांची श्रद्धा वाढेल. भगवंत तीन प्रातिहार्ये सांगतात : ऋद्धीचे, दुसऱ्याचे मन ओळखण्याचे आणि अनुशासनाचे, म्हणजे शिकवणुकीचे. पहिल्या दोहोंत त्यांना दोष दिसतो. त्यांची त्यांना किळस वाटते असे स्पष्ट शब्द आहेत. कारणही व्यवहारी आहे : अश्रद्ध माणूस म्हणेल, ही तर गांधारी नावाची विद्या आहे, त्यात विशेष ते काय? विनयपिटकात पिंडोल भारद्वाजाची हकीकत आहे. राजगृहाच्या श्रेष्ठीने उंच टांगलेले चंदनाचे पात्र त्याने ऋद्धिबलाने आकाशात उडून खाली आणले. भगवंतांनी त्याची निर्भर्त्सना केली, पात्राचे तुकडे करवले आणि गृहस्थांपुढे ऋद्धी दाखवण्यास बंदी घातली.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात बुद्धवचनाच्या कसोटीचा विचार केला आहे. धम्म अनेक शतके मुखोद्गत राहिला, भाणकांनी पाठांतराने सांभाळला, त्यामुळे त्यात भर पडणे, फेरफार होणे स्वाभाविक होते. म्हणून जे बुद्धिसंगत व तर्कसंगत तेच बुद्धांचे मानावे, असा त्यांच्या विवेचनाचा आशय आहे. या कसोटीवर कुसावतीचे सात तट टिकत नाहीत, आणि ते टिकवण्याचा खटाटोप आपण करू नये. एकोणिसाव्या शतकात एमिल सनार या फ्रेंच पंडिताने चक्रवर्तीच्या कथांत जुनी सूर्यकथा दडलेली आहे असे मांडले : हजार आऱ्यांचे चक्र म्हणजे सूर्य. तेवढ्याने सर्व उलगडते असे नाही, तरी भाणकांनी लोकांत आधीच रुळलेली सामग्री उचलली, इतके मानायला हरकत नसावी.

पण तर्काची कसोटी लावल्यावर जे उरते ते पाहिले नाही, तर कसोटीच वाया जाते. दागिना खोटा ठरवून सोनार थांबत नाही. त्यात सोने किती, हेही सांगतो. या कथेत सोने किती आहे ते कळण्यासाठी उत्तरार्ध वाचला पाहिजे, आणि आपल्याकडे बहुधा तोच वाचला जात नाही.

राज्यातील ब्राह्मण व गृहपती विपुल धन घेऊन राजाकडे येतात. राजा ते नाकारतो. न्याय्य कराने मिळालेले माझ्याजवळ पुष्कळ आहे, तुमचे तुम्हीच ठेवा, उलट येथूनच अधिक घेऊन जा, असे तो म्हणतो. आणलेले धन परत नेणे बरे नव्हे म्हणून ते राजासाठी प्रासाद बांधू पाहतात. अखेर देवांचा राजा सक्क विश्वकर्म्याला पाठवतो आणि ‘धम्म’ नावाचा प्रासाद उभा राहतो. एक योजन लांब, अर्धे योजन रुंद, चौऱ्याऐंशी हजार खांब, चौऱ्याऐंशी हजार दालने. (चौऱ्याऐंशी हजार हा बौद्ध वाङ्मयातील ठरलेला मोठा आकडा आहे, अशोकाचे स्तूपही तितकेच सांगितले जातात.) आणि येथे प्रकाश तिसऱ्यांदा येतो. प्रासाद पूर्ण झाल्यावर त्याच्याकडे पाहणे कठीण झाले. शरद ऋतूत निरभ्र आकाशातला सूर्य जसा डोळ्यांना सहन होत नाही, तसा तो डोळे दिपवून टाकी.

चक्र न्यायापाशी थांबले, मण्याने रात्रीचा दिवस केला, आणि प्रासाद इतका तेजस्वी झाला की तो दिसेनासा झाला. माझ्या वाचनाप्रमाणे या सुत्तात वैभव चढत जाते ते येथपर्यंत. येथे राजा स्वतःलाच विचारतो : हे कोणत्या कर्माचे फळ? आणि त्याला तीन गोष्टी दिसतात : दान, दम, संयम. मग तो महाव्यूह नावाच्या कूटागाराच्या दारात उभा राहून म्हणतो की कामवितर्का, थांब, व्यापादवितर्का, थांब, विहिंसावितर्का, थांब. म्हणजे वासना, द्वेष आणि हिंसेचे विचार दाराबाहेर. आत जाऊन तो ध्यान करतो, आणि मैत्री, करुणा, मुदिता, उपेक्षा यांनी भरलेले चित्त चारी दिशांना पसरवतो. मण्याचा प्रकाश एक योजन जात होता. या चित्ताला सुत्त अंतराचे माप लावत नाही. ते ‘अप्पमाण’, अमर्याद, म्हणते. आतल्या खोलीत गेल्यानंतर मण्याचा प्रकाश कथेच्या कामाचा राहत नाही. त्याचे नाव येते ते फक्त वस्तूंच्या यादीत.

येथे एक कटू गोष्टही सांगितली पाहिजे. राजाच्या दानाच्या यादीत अन्न, पाणी, वस्त्र, वाहन, शय्या, सोने यांच्याबरोबर स्त्रीही आहे. ज्याला हवी त्याला ती दिली जाते. सात रत्नांत एक स्त्री आहे, ती तर मालमत्तेसारखीच वर्णिली आहे. मुलींच्या समोर हे वाचताना मी पूर्वी तो भाग ओलांडून जात असे. आता जात नाही. तो त्या काळच्या राजवैभवाच्या कल्पनेचा भाग आहे आणि तो बुद्धिसंगत नाही, न्यायसंगत तर नाहीच, हे मुलींनी आणि मुलांनी एकत्र ऐकलेले बरे. बाबासाहेबांची कसोटी केवळ चमकणाऱ्या मण्यापुरती नाही.

आणि तरीही सुत्तातला सर्वांत हृदयस्पर्शी प्रसंग एका स्त्रीच्याच तोंडी आहे. फार वर्षांनी राणी सुभद्दा राजाला भेटायला येते. राजा उजव्या कुशीवर सिंहशय्येत पहुडलेला आहे. त्याची इंद्रिये प्रसन्न, कांती उजळ. राणीच्या मनात चर्र होते : राजाचा अंत तर जवळ आला नाही ना? ती त्याला जगण्याकडे ओढू पाहते. आपली चौऱ्याऐंशी हजार नगरे आहेत, त्यांत मन गुंतवा, जीवनाची इच्छा धरा, असे ती विनवते. राजा म्हणतो, देवी, इतके दिवस तू माझ्याशी प्रिय बोललीस, आणि आता अखेरच्या वेळी अप्रिय बोलतेस. मग काय बोलू, असे ती विचारते. राजा तिला शिकवतो : सर्व प्रिय वस्तूंशी वियोग होणारच, म्हणून या नगरांची आसक्ती सोडा, असे बोल. राणी रडते. डोळे पुसते. आणि तेच शब्द पुन्हा म्हणते. आनंदाने दाराला धरून रडल्यानंतर काही वेळातच त्याला ही कथा सांगितली जात आहे, हे विसरू नये. रडणाऱ्या माणसाला ‘रडू नकोस’ असे म्हणण्याऐवजी भगवंतांनी त्याला डोळे पुसून बोलणारी दुसरी व्यक्ती दाखवली.

थोड्याच वेळाने राजा मरण पावतो. भरपेट जेवलेल्या गृहस्थाला सुस्ती यावी, तितके ते सहज होते.

मग भगवंत हिशेब मांडतात. आनंदा, तो राजा मीच होतो. चौऱ्याऐंशी हजार नगरांपैकी मी राहत होतो एकाच नगरात. तितक्या प्रासादांपैकी एकाच प्रासादात, तितक्या पलंगांपैकी एकाच पलंगावर. हत्ती एकच, घोडा एकच, रथ एकच. वस्त्रांच्या कोट्यवधी जोड्यांपैकी अंगावर एकच जोडी. आणि चौऱ्याऐंशी हजार थाळ्यांपैकी एकाच थाळीतून मी जास्तीत जास्त एक नाळीभर भात आणि त्याला साजेसे कालवण जेवत होतो. ‘नाळी’ हे धान्य मोजण्याचे माप, आपल्या शेरा-पावशेरासारखे.

वसतिगृहात राहिलेल्यांना हा हिशेब वेगळा समजावून द्यावा लागत नाही. एक पत्र्याची पेटी, अंगावरचा गणवेश आणि दोरीवर वाळणारा दुसरा, आणि पंगतीत मिळणारा एक डाव भात. आपल्यातील अनेकांनी त्या काळात मनातल्या मनात मोठ्या घराची, भरल्या ताटाची कुसावती उभी केली असेल. त्यात गैर काही नाही. ज्यांच्या आजोबांना पाणवठ्यावर पाणी मिळत नव्हते त्यांनी वैभवाचे स्वप्न पाहू नये, असे म्हणण्याचा अधिकार कोणालाही नाही, आणि हे सुत्त तसे म्हणतही नाही. गरिबांना संतोष शिकवण्यासाठी या हिशेबाचा उपयोग कोणी केला तर तो दुरुपयोग ठरेल. हिशेब मांडणारा गरीब नाही. ज्याच्याजवळ सर्व काही होते तो तो मांडतो आहे.

ही नगरी पुढील बौद्ध वाङ्मयात विसरली गेली नाही. महायानातील सुखावतीव्यूह सूत्रात अमिताभ बुद्धांच्या सुखावतीचे वर्णन आहे. अमिताभ म्हणजे ज्याच्या प्रकाशाला सीमा नाही असा. तेथेही ताडांच्या सात रांगा आहेत, घंटांच्या जाळ्या आहेत, वाऱ्याने उठणारा नाद आहे. सामग्री सारखीच, पण उपयोग निराळा : सुखावतीत जन्म घेण्याची आस धरायची आहे, कुसावती मात्र पुसून टाकण्यासाठीच उभी केली आहे. सद्धर्मपुंडरीकात आणखी एक मायानगरी आहे. थकलेल्या वाटसरूंना विसावा मिळावा म्हणून कुशल वाटाड्या ती निर्माण करतो, आणि ते ताजेतवाने झाल्यावर नाहीशी करून पुढे चला म्हणतो. कुसावतीशी तिचे नाते अधिक जवळचे आहे असे मला वाटते.

प्रकाशाविषयी बोलतो आहोत तर एका शब्दाचा खुलासा करणे आवश्यक आहे. ‘अत्त दीप भव’ ही अक्षरे आपल्या कितीतरी विहारांच्या आणि शाळांच्या कमानींवर आहेत. सुत्तातील मूळ शब्द ‘अत्तदीप’ असा समास आहे. भगवंतांनी तो वैशालीजवळच्या बेलुव गावी, अखेरच्या आजारातून उठल्यावर, आनंदालाच सांगितला. पालीत ‘दीप’ या एका शब्दात संस्कृतचे दोन शब्द मिसळले आहेत : दीप म्हणजे दिवा आणि द्वीप म्हणजे बेट. अट्ठकथा येथे बेट हा अर्थ घेते : महासागरात बेटाचा आधार असतो तसा स्वतःचा आधार घ्या. आपण दिव्याचा अर्थ घेतो. मला दोन्ही चालतात; ‘बेट’ अधिक मूळचा आहे, हे विद्यार्थ्याला सांगावे एवढेच. पण कोणताही अर्थ घेतला तरी एक गोष्ट कायम राहते. राजाचा मणी ध्वजावर होता, आणि त्याच्या प्रकाशात गावकऱ्यांना दिवस झाल्याचा भास झाला. अत्तदीपाचा प्रकाश दुसऱ्याच्या ध्वजावरून येत नाही. सायंवंदनेला आपण जी मेणबत्ती लावतो ती मण्यासारखी रात्रीचा दिवस करत नाही. तिच्या उजेडात समोरचे पान वाचता येते, आणि ती जळत जळत संपते हेही दिसते.

ते कुसिनारा आज उत्तर प्रदेशातील कुशीनगर. कसिया गावाजवळच्या उंचवट्यांखाली ते शतकानुशतके गाडलेले होते. १८७६ मध्ये कार्लाईल यांना तेथे महापरिनिर्वाणाची सुमारे सहा मीटर लांबीची मूर्ती भग्नावस्थेत सापडली; तुकडे जोडून ती पुन्हा उभी केली गेली. मूर्तीच्या बैठकीवरील लेखात हरिबल या दात्याचे नाव आहे. सध्याचे मंदिर १९५६ सालचे आहे, ज्या वर्षी नागपूरला धम्मदीक्षा झाली त्याच वर्षीचे. ज्यांना तेथवर जाणे होत नाही त्यांनी अजिंठ्याचे २६ क्रमांकाचे लेणे पाहावे. डाव्या भिंतीवर सुमारे सात मीटर लांबीचे महापरिनिर्वाण शिल्प आहे. खाली शोकाकुल माणसांची रांग. लेण्यात उजेड कमी असतो. शिल्पासमोर थोडे थांबावे लागते, डोळे अंधाराला सरावतात, आणि मग एकेक चेहरा दिसू लागतो. कुसावतीचे सात तट मात्र कुशीनगरच्या उत्खननात सापडले नाहीत, आणि सापडायचेही नव्हते.

कथा संपल्यावर भगवंत आनंदाला कुसिनारेत पाठवतात : मल्लांना सांग, आज रात्रीच्या शेवटच्या प्रहरी तथागतांचे परिनिर्वाण होईल, आपल्याच गावाच्या सीमेत हे घडले आणि आपल्याला अखेरचे दर्शन झाले नाही, अशी चुटपुट त्यांना लागू नये. मल्ल त्या वेळी काही कामासाठी संथागारात जमले होते. निरोप ऐकताच ते बायकामुलांसह रडत शालवनाकडे निघाले. आनंदाने विचार केला की एकेकाला दर्शन द्यायचे तर उजाडेल. म्हणून त्याने घराघरांचे गट केले आणि अमुक नावाचा मल्ल मुलाबाळांसह, नोकरमाणसांसह वंदन करतो आहे, असे सांगत एकेका कुटुंबाला पुढे नेले. ज्या गावाची त्याला लाज वाटली होती, त्या गावातील घरेच्या घरे अशी नावानिशी त्याच्या तोंडून भगवंतांपुढे आली. रात्रीचा पहिला प्रहर संपण्याआधी सर्वांचे वंदन झाले होते. त्या रात्री शालवनात कोणत्याही ध्वजावर मणी चढवलेला नव्हता.